कोर्टाची तारीख परगावी, आपण इंदूरला : फौजदारी खटल्यातील ‘हजेरीमाफी’ समजून घेऊ या



कोजागिरीच्या कार्यक्रमानंतर दूध पिता पिता एका ज्येष्ठ सभासदांनी मला बाजूला घेतले आणि खिशातून घडी घातलेला कागद काढला. पुण्याच्या कोर्टाचा समन्स होता. घरात कुणाला सांगितले नव्हते. पहिला प्रश्न होता, “वकीलसाहेब, दर तारखेला पुण्याला जावं लागेल का हो?” दुसरा प्रश्न अगदी हळू आवाजात होता, “नाही गेलो तर पोलीस घरी येतील?”

गेल्या काही वर्षांत हेच दोन प्रश्न मला बऱ्याच जणांनी विचारले आहेत. आपण पिढ्यान् पिढ्या इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे, बेळगाव, हैदराबाद इथे राहणारी माणसे, पण आपले नातेसंबंध, शेतीवाडी, भागीदाऱ्या, मुलामुलींची लग्ने महाराष्ट्रात पसरलेली आहेत. त्यामुळे राहायचे एका राज्यात आणि खटला दुसऱ्या राज्यात, अशी वेळ आपल्या घरांवर इतरांपेक्षा जरा जास्तच येते. म्हणून हा लेख. कायद्याची भाषा शक्य तितकी सोपी ठेवली आहे.

आधी एक उदाहरण

समजा, इंदूरचे एक निवृत्त गृहस्थ आहेत, वय ७१. पुतण्याने पुण्यात छोटी फर्म काढली तेव्हा काकांना भागीदार करून घेतले आणि काही चेकांवर त्यांच्याही सह्या घेतल्या. धंदा बसला, एक चेक परत आला आणि समोरच्याने चेक न वटल्याचा खटला भरला. २०१५ च्या दुरुस्तीनंतर असा खटला साधारणपणे, पैसे घेणाऱ्याचे खाते ज्या बँकशाखेत आहे आणि जिथे चेक वटवायला दिला, त्या शाखेच्या हद्दीतील न्यायालयात चालतो. म्हणून खटला पुण्यात. इंदूर ते पुणे अंतर सहाशे किलोमीटरच्या आसपास. काकांना मधुमेह, काकूंचे गुडघे गेलेले, मुलगा परदेशात.

अशा वेळी माणसे दोनपैकी एक चूक करतात. काही जण घाबरून दर तारखेला रात्रभर बसचा प्रवास करतात, सकाळी अकरा वाजता नाव पुकारले जाते, पाच मिनिटांत पुढची तारीख मिळते आणि पुन्हा रात्रभर प्रवास. दुसरे काही जण कागद कपाटात ठेवतात आणि “बघू, वकील दिलाय ना” म्हणून गप्प बसतात. पहिली चूक तब्येत आणि पैसा खाते. दुसरी चूक वॉरंट आणते. या दोन्हींच्या मधला जो कायदेशीर रस्ता आहे, त्याला महाराष्ट्रात ‘हजेरीमाफी’ किंवा नुसते ‘एक्झम्प्शन’ म्हणतात, आपल्या इथे ‘हाजिरी माफी’.

‘माफी’ या शब्दाने गोंधळ होऊ देऊ नका. ही गुन्ह्याची माफी नव्हे. खटला जसाच्या तसा चालू राहतो. माफी मिळते ती फक्त स्वतः उभे राहण्याची. आपल्या वतीने आपले वकील उभे राहतात.

आरोपीने हजर राहायचेच का असते?

पुष्कळांना वाटते की कोर्टात हजर राहायला लावणे ही शिक्षेचीच सुरुवात आहे. तसे नाही. मूळ कल्पना उलट आहे. आपल्याविरुद्ध कोण काय सांगतो ते आरोपीला समोर ऐकता यावे, त्याच्या पाठीमागे पुरावा घेतला जाऊ नये, म्हणून कायदा सांगतो की साक्षीपुरावा आरोपीच्या उपस्थितीत घ्यावा. आणि त्याच कलमात पुढे हेही आहे की आरोपीच्या स्वतःच्या हजेरीला माफी दिलेली असेल, तर पुरावा त्याच्या वकिलाच्या उपस्थितीत घ्यावा. म्हणजे हजेरी हे आरोपीचे संरक्षण आहे. ते संरक्षण वकिलामार्फत घेण्याची मुभा मागणे हा काही गैरमार्ग नाही, कायद्यातच ठेवलेले दार आहे.

हजेरीला दुसरीही बाजू आहे. आरोपी पळून जाऊ नये, खटला लांबू नये, शिक्षा झाली तर ती भोगायला माणूस सापडावा, ही न्यायालयाची गरज असते. त्यामुळे माफी हा हक्क म्हणून मिळत नाही. ती न्यायालयाच्या विवेकावर असते आणि विवेक पटवून द्यावा लागतो.

कायद्यातील दोन कलमे

१ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. या विषयातील दोन मुख्य कलमांचे क्रमांक बदलले, गाभा तोच राहिला.

पहिले कलम २२८, म्हणजे जुने कलम २०५. न्यायदंडाधिकारी समन्स काढतात, तेव्हा कारण दिसल्यास ते आरोपीच्या स्वतःच्या हजेरीची गरज नाही असे ठरवून त्याला वकिलामार्फत हजर राहायची परवानगी देऊ शकतात. पुढे कोणत्याही टप्प्यावर “आता स्वतः या” असे सांगण्याचा अधिकार त्यांच्याकडे राहतोच. सर्वसाधारणपणे ज्याला आपण ‘कायमची माफी’ म्हणतो ती या कलमाखाली मागितली जाते. समन्सच्या प्रकरणात अगदी पहिल्या तारखेलासुद्धा ती मागता येते.

दुसरे कलम ३५५, म्हणजे जुने कलम ३१७. चौकशी किंवा खटला चालू असताना कोणत्याही टप्प्यावर, न्यायाच्या दृष्टीने आरोपीची हजेरी आवश्यक नाही असे न्यायाधीशांना वाटले, तर ते कारणे नोंदवून त्याच्या अनुपस्थितीत काम चालवू शकतात. अट एकच, आरोपीला वकील हवा. आज आजारी आहे, घरात लग्न आहे, ट्रेन रद्द झाली, अशा एकेका तारखेची माफी बहुधा या कलमाखाली असते. हे कलम दंडाधिकाऱ्यांप्रमाणे सत्र न्यायाधीशांनाही लागू आहे.

एक तांत्रिक पण महत्त्वाची गोष्ट. जे खटले १ जुलै २०२४ ला आधीच चालू होते, ते जुन्या संहितेप्रमाणेच पुढे चालतात. त्यामुळे आपला खटला त्याआधीचा असेल तर अर्जावर २०५ किंवा ३१७ दिसेल, नंतरचा असेल तर २२८ किंवा ३५५. क्रमांक पाहून घाबरू नका, आपल्या वकिलांना विचारा.

तारीख पुढे ढकलणे वेगळे, हजेरीमाफी वेगळी

हा फरक नीट लक्षात ठेवावा. ‘मुदत मागणे’ म्हणजे आजचे कामच पुढे ढकलायला सांगणे. हजेरीमाफी म्हणजे “काम चालू द्या, मी नसलो तरी माझे वकील आहेत.” नव्या संहितेने मुदतींवर मर्यादा आणली आहे. पक्षकाराच्या हाताबाहेरचे कारण असेल तरी दुसऱ्या बाजूचे म्हणणे ऐकून, कारणे नोंदवून, जास्तीत जास्त दोनच मुदती देता येतात, आणि वकील दुसऱ्या कोर्टात गुंतले आहेत हे मुदतीचे कारण धरले जात नाही.

म्हणून अर्जात आणि वागण्यात हे दिसले पाहिजे की आम्हाला खटला लांबवायचा नाही. साक्षीदार आला असेल तर वकिलांनी उलटतपासणीला तयार असावे. माफी घ्यायची आणि वर वकिलांनी मुदतही मागायची, असे दोनदा झाले की तिसऱ्या वेळी न्यायाधीश आरोपीलाच समोर बोलावतात. त्यात त्यांचे काही चुकत नाही.

न्यायालय काय पाहते?

या विषयावर सर्वोच्च न्यायालयाचा २००१ चा ‘भास्कर इंडस्ट्रीज विरुद्ध भिवानी डेनिम’ हा निकाल आजही सर्वांत जास्त सांगितला जातो. चेक न वटल्याचेच प्रकरण होते आणि हरियाणातील आरोपीला मध्य प्रदेशातील न्यायालयात यावे लागत होते. न्यायालयाने म्हटले त्याचा आशय असा : समन्सच्या खटल्यात आरोपीला स्वतः यायला लावल्याने त्याला फार मोठा त्रास होणार असेल आणि त्या मानाने त्याच्या हजेरीने साधणारा लाभ थोडा असेल, तर दंडाधिकारी माफी देऊ शकतात. अंतर, शारीरिक अडचण, अशी कारणे पाहावीत. योग्य प्रकरणात पहिली हजेरीही वकिलामार्फत होऊ शकते, आणि माफी दिलेली असेल तर ‘गुन्हा कबूल आहे की नाही’ याचे उत्तरही वकील आरोपीच्या वतीने देऊ शकतात.

मात्र त्याबरोबर आरोपीकडून लेखी हमी घ्यावी, असेही सांगितले. ती हमी तीन गोष्टींची : खटल्यातील आरोपी तो मीच, ही ओळख मी नाकारणार नाही. माझे वकील दर तारखेला हजर राहतील. माझ्या गैरहजेरीत पुरावा घेतला म्हणून मी नंतर तक्रार करणार नाही.

माफी मोठ्या खटल्यातही मिळू शकते. दिल्लीत राहणाऱ्या एका आरोपीला हैदराबादच्या सीबीआय न्यायालयात वारंवार जावे लागत होते. खालच्या न्यायालयांनी नकार दिल्यावर २०१९ च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने त्याला अटींवर माफी दिली. म्हणजे ‘आपल्या खटल्यात मिळणारच नाही’ असे धरून बसू नये.

वैवाहिक तक्रारींतही हा प्रश्न येतो. सून माहेरी गेल्यावर माहेरच्या गावी तक्रार करू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये स्पष्ट केले आहे, आणि ते रास्तही आहे, कारण छळ सोसून आलेल्या मुलीने पुन्हा सासरच्या गावी खेपा घालाव्यात अशी अपेक्षा कशी करणार? पण त्यामुळे ग्वाल्हेरचे वृद्ध सासू-सासरे, लांब राहणारी नणंद यांच्यावर नागपूरच्या तारखा येतात. २०१८ च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशा प्रकरणांबद्दल सांगितले की टप्प्यानुसार कलम २०५ किंवा ३१७ खाली रीतसर अर्ज करावा. म्हणजे वय झाले म्हणून आपोआप सूट नाही, पण अर्जाचा रस्ता मोकळा आहे.

अर्जात काय असावे?

अर्ज वकीलच तयार करतील. पण माहिती आपणच द्यायची असते, आणि बहुतेक अर्ज फेटाळले जातात ते माहिती कच्ची असल्यामुळे. “तब्येत बरी नाही” एवढ्या एका ओळीवर कुणीही विश्वास ठेवणार नाही. खालील गोष्टी तयार ठेवा :

१. वकीलपत्र. वकील नसेल तर माफीच नाही. शक्यतो ज्या गावी खटला आहे तिथले वकील घ्या. इंदूरचे वकील दर तारखेला पुण्याला जाणार असतील तर आपली अडचण तीच, फक्त खर्च दुप्पट.

२. राहण्याच्या पत्त्याचा पुरावा आणि अंतर. किती किलोमीटर, जायला किती तास, थेट गाडी आहे की नाही, हे साध्या शब्दांत लिहावे.

३. आजार असेल तर उपचार करणाऱ्या डॉक्टरांचे प्रमाणपत्र, त्यासोबत तपासण्यांचे कागद आणि औषधांच्या चिठ्ठ्या. तारखेच्या आदल्या दिवशी घाईने आणलेले, ‘विश्रांतीची गरज’ एवढेच लिहिलेले प्रमाणपत्र कोर्टातील माणसे लांबूनच ओळखतात.

४. घरची जबाबदारी. अंथरुणावर असलेला जोडीदार, लहान मूल, परीक्षा, नोकरीतली अडचण. जे खरे आहे तेवढेच.

५. वर सांगितलेली तीन कलमी हमी, आणि ‘न्यायालय बोलावील तेव्हा मी येईन’ हे वाक्य, प्रतिज्ञापत्रावर.

६. आपला चालू मोबाइल नंबर आणि पत्ता, बदलला तर कळवण्याची हमी.

एक अनुभवाचा सल्ला देतो. शक्य असेल तर पहिल्या तारखेला एकदा स्वतः जाऊन या. जामिनाची पूर्तता होते, न्यायाधीशांना माणूस दिसतो, वकिलांशी समोरासमोर बोलणे होते, आणि त्याच दिवशी कायमच्या माफीचा अर्ज देता येतो. कायद्याने ते प्रत्येक वेळी सक्तीचे नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये असेही म्हटले आहे की हजेरीमाफीचा अधिकार जामीन मिळाल्यानंतरच वापरता येतो, असा संकुचित अर्थ लावू नये. तरी जो माणूस एकदा येऊन गेला आहे, त्याच्या अर्जाकडे पाहण्याची नजर वेगळी असते.

जामिनाच्या वेळी “स्थानिकच जामीनदार आणा” असे ऐकायला मिळते. परगावच्या माणसाने तो कुठून आणायचा? ‘मोती राम विरुद्ध मध्य प्रदेश राज्य’ या १९७८ च्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी नेमके हेच नापसंत केले होते. जामीनदार किंवा त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे एवढ्यावरून तो नाकारू नये, असे त्यात सांगितले आहे. एका गवंडी काम करणाऱ्या गरीब माणसाचे प्रकरण होते ते, आणि आपल्याच राज्यातले. वकिलांना त्याची आठवण करून द्यायला हरकत नाही.

माफी असली तरी या तारखा सांभाळा

कायमची माफी मिळाली म्हणून कोर्टाचे तोंड पुन्हा पाहायचेच नाही, असे होत नाही. साधारण चार प्रसंग असे की तेव्हा हजेरी लागू शकते.

एक, दोषारोप वाचून दाखवण्याचा दिवस. नव्या संहितेत आरोपी प्रत्यक्ष किंवा दृक्-श्राव्य माध्यमातून हजर असताना दोषारोप वाचता येतो, त्यामुळे व्हिडिओची विनंती करून पाहावी.

दोन, साक्षीदाराने आरोपीला ओळखायचे असेल तो दिवस. ओळख आधीच मान्य केली असेल तर याची गरज सहसा राहत नाही.

तीन, सगळा पुरावा झाल्यावर न्यायाधीश आरोपीला स्वतः प्रश्न विचारतात तो दिवस. समन्सच्या खटल्यात हजेरीमाफी दिलेली असेल तर हा टप्पाही वगळता येतो. इतर खटल्यांत, अमेरिकेत असलेल्या एका आरोपीच्या प्रकरणात २००० साली सर्वोच्च न्यायालयाने मार्ग काढला, की खरी अडचण असेल तर प्रश्न लेखी देऊन लेखी उत्तरे घेता येतील. पुढे कायद्यातच लेखी निवेदनाची सोय झाली.

चार, निकालाचा दिवस. आरोपी सुटका झालेला असो वा नसो, निकाल ऐकायला त्याला बोलावले जाते. अपवाद एवढाच, की खटल्यात त्याला हजेरीमाफी होती आणि निकाल निर्दोष सुटल्याचा किंवा फक्त दंडाचा आहे. निकाल काय लागणार हे आधी कुणालाच माहीत नसते, म्हणून त्या दिवशी जावेच.

तारीख चुकली, आता काय?

चूक झालीच तर लपू नका. न्यायालयाने साधारणपणे आधी समन्स, मग जामीनपात्र वॉरंट आणि त्यानंतर अजामीनपात्र वॉरंट अशा क्रमाने जावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये सांगितले आहे. पण हा क्रम न्यायालयाला बांधून टाकणारा नाही, आणि काढलेले वॉरंट आपोआप मरत नाही. ते रद्द होईपर्यंत किंवा बजावले जाईपर्यंत जिवंत राहते. पाच वर्षांनी पासपोर्टच्या चौकशीत किंवा एखाद्या संध्याकाळी दारात पोलीस आल्यावर ते आठवण करून देते.

उपाय साधा आहे. शक्य तितक्या लवकर वकिलांसह स्वतः कोर्टात जाऊन वॉरंट रद्द करण्याचा अर्ज द्यावा आणि न येण्याचे खरे कारण पुराव्यासह सांगावे. स्वतःहून आलेल्या माणसाला बहुतेक वेळा दंड किंवा नवा जातमुचलका घेऊन सोडतात. दुसऱ्या जिल्ह्यात अटक झालीच, तर पोलीस जवळच्या दंडाधिकाऱ्यांपुढे नेतात आणि गुन्हा जामीनपात्र असेल तर तिथेच जामीन घेता येतो.

दुर्लक्ष केले तर गोष्ट वाढत जाते. जामिनाची रक्कम जप्त होऊ शकते, आणि जामीनदार बहुधा आपलाच मेहुणा किंवा शेजारी असतो. जामिनावर असून पुरेशा कारणाशिवाय हजर न राहणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २६९ खाली स्वतंत्र गुन्हा आहे, एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. फरारी म्हणून उद्घोषणा निघाली आणि तरीही आला नाही, तर कलम २०९ खाली त्याहून मोठी शिक्षा आहे. चेकच्या एका किरकोळ खटल्यातून माणूस असा खऱ्या गुन्ह्यात अडकतो.

घरोघरी ऐकू येणारे गैरसमज

‘समन्स घेतलाच नाही तर काय करतील?’ चेकच्या खटल्यात समन्स नाकारला असा पोस्टाचा शेरा आला, तर न्यायालय तो बजावला असे धरू शकते. शिवाय नव्या संहितेप्रमाणे माणूस घरी नसेल तर घरातील कोणत्याही सज्ञान सदस्याकडे समन्स देता येतो. पूर्वी ‘पुरुष सदस्य’ असे होते, आता घरातील महिलेकडेही देता येतो. तेव्हा घरी सर्वांना सांगून ठेवा की असा कागद आला तर सही करून घ्या, तारीख लिहून ठेवा आणि लगेच दाखवा.

‘वकील उभे राहिले म्हणजे झाले.’ नाही. माफीचा अर्ज मंजूर झाल्याची नोंद हवी. महाराष्ट्रात ती रोजनाम्यात असते, गुजरातेत रोजकामात, आपल्या इथे ऑर्डर शीटवर. वकिलांकडून त्या दिवशीच विचारून घ्या. ई-कोर्ट्सच्या मोफत अॅपवर सोळा अंकी सीएनआर क्रमांक टाकला की पुढची तारीख घरबसल्या दिसते. घरातील कॉलेजात जाणाऱ्या नातवंडाला हे काम द्या, आनंदाने करील.

‘माफी मागितली म्हणजे गुन्हा कबूल केला.’ अजिबात नाही. काकांची त्या चेकशी जबाबदारी आहे की नाही, हा मुद्दा जसाच्या तसा लढता येतो. ओळख मान्य करणे वेगळे आणि आरोप मान्य करणे वेगळे.

‘व्हिडिओवर चालतं आता सगळं.’ थोडेफार खरे आहे. डॉ. प्रफुल्ल देसाई यांच्या प्रकरणात, जे महाराष्ट्रातून गेले होते, २००३ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की व्हिडिओमार्फत घेतलेला पुरावाही आरोपीच्या ‘उपस्थितीत’ घेतला असे धरता येते. आता नव्या संहितेच्या कलम ३५५ मध्ये तर स्पष्टीकरणच आहे की स्वतःच्या हजेरीत दृक्-श्राव्य माध्यमातील हजेरी येते. पण लिंक आपोआप येत नाही. आधी विनंती अर्ज करावा लागतो, आणि त्या-त्या उच्च न्यायालयाचे नियम पाहावे लागतात.

भाषेची अडचण

आपल्यापैकी महाराष्ट्रातील कोर्टात जाणाऱ्यांना मराठीची अडचण नसते. पण बेळगावच्या किंवा हैदराबादच्या मंडळींना स्थानिक कोर्टात उलटा अनुभव येतो. आरोपीला न समजणाऱ्या भाषेत साक्ष होत असेल, तर ती त्याला समजणाऱ्या भाषेत सांगितली पाहिजे, असे कायदा म्हणतो. मात्र हे त्याच्या हजेरीत. आपण माफी घेतली की ऐकणारे कान वकिलांचे. म्हणून प्रत्येक साक्षीनंतर वकिलांकडून जबाबाची प्रत घ्या आणि समजावून घ्या. माफी घेतलेला आरोपी बेफिकीर झाला की खटला वकिलांच्या नव्हे, दैवाच्या हाती जातो.

समोरच्याचाही विचार

शेवटी एक गोष्ट, थोडी कडू. ज्याचे पैसे बुडाले आहेत किंवा जी मुलगी न्याय मागते आहे, तीही प्रत्येक तारखेला आशेने येते. आरोपी नाही, त्याचे वकील नाहीत, पुढची तारीख, हे त्यांनी किती वेळा पाहायचे? हजेरीमाफी ही ज्याला खरी अडचण आहे त्याच्यासाठी आहे. कुणी ती चालढकल करण्यासाठी वापरली की पुढच्या खऱ्या आजारी म्हाताऱ्याच्या अर्जाकडे संशयाने पाहिले जाते. देणे खरेच असेल तर तडजोडीचा विचार करा. चेकचा खटला कोणत्याही टप्प्यावर तडजोडीने मिटवता येतो.

कोजागिरीच्या रात्री कागद दाखवणाऱ्या त्या सभासदांना मी एवढेच म्हटले, “आधी घरी सांगा.” त्यांना पुण्याच्या प्रवासापेक्षा भीती वाटत होती ती चारचौघांत नाव होण्याची. त्या भीतीने माणूस कागद लपवतो, आणि लपवलेला कागदच वॉरंट होऊन परत येतो. समन्स आला म्हणजे अब्रू गेली असे नाही. समन्स म्हणजे फक्त ‘तुमचे म्हणणे ऐकायचे आहे’ असे बोलावणे.

वकिलांची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मोफत मदत मागता येते. महिला, अपंग, अनुसूचित जाती-जमाती, कोठडीतील व्यक्ती आणि ठरावीक मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असणारे यांना ती मिळते. राष्ट्रीय हेल्पलाइनचा क्रमांक १५१०० आहे. हा लेख सर्वसाधारण माहितीसाठी आहे. आपल्या प्रकरणाचे कागद मात्र आपल्या वकिलांनाच दाखवा, आणि तारखेच्या आधी दाखवा.